भंगाराची पावडर: पर्यावरणाचा फायदा की हिशेबाची हातचलाखी?

बुशवाला

मंडळी, नोव्हेंबर २०२५ मध्ये अ‍ॅपलने जाहीर केलं की त्यांच्या वॉच अल्ट्रा ३ च्या आणि सीरीज ११ च्या टायटॅनियम केस शंभर टक्के रिसायकल केलेल्या टायटॅनियम पावडरीपासून थ्रीडी प्रिंट होतात. कच्चा माल आधीच्या निम्मा लागतो आणि एका वर्षात ४०० टनांहून जास्त टायटॅनियम वाचलं, असा त्यांचा दावा आहे. भाच्याने ही बातमी मोठ्या कौतुकाने दाखवली. म्हटलं, बाळा, मामा भोसरीत बावीस वर्षं पावडरच दाबतोय, फक्त तिचं घड्याळ होत नाही, बुश (फिरत्या दांड्याभोवती बसणारी नळी) होतं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. भंगार पोलाद भट्टीत वितळवायचं, बारीक धारेने सोडायचं आणि त्या धारेवर प्रचंड दाबाने पाणी मारायचं. धार फुटून कण होतात. ते वाळवून हायड्रोजनमध्ये तापवले की लोखंडी पावडर तयार. आम्ही ती डायमध्ये भरून दाबतो आणि ११२० अंशांच्या आसपास सिंटर करतो, म्हणजे न वितळवता कण एकमेकांना चिकटेपर्यंत तापवतो. स्कूटरच्या शॉकअ‍ॅबचा पिस्टन, ऑइल पंपाचा गिअर, पंख्याचं बुश, हे सगळं असंच बनतं. घेतलेल्या पावडरीतली ९५ टक्क्यांहून जास्त पार्टमध्ये उतरते. तोच गिअर बारमधून कातला तर निम्मा माल टर्निंग (कातताना निघणारा कीस) होऊन ड्रममध्ये.

आता हिशेब. खाणीतल्या लोखंडापासून ब्लास्ट फर्नेसमार्गे एक टन पोलाद केलं तर सुमारे २.३ टन कार्बन डायऑक्साइड. भंगारापासून विजेच्या भट्टीत केलं तर ०.७ च्या घरात. म्हणून माझं म्हणणं: भंगार, पावडर, पार्ट हा आज मिळणारा सगळ्यात स्वच्छ रस्ता आहे आणि ग्राहकांनी रिसायकल्ड पावडर ड्रॉइंगवरच मागायला हवी. पटत नसेल तर बोला.

कूपोला
*विषय: भंगार कोण फेकून देत होतं?*

राम राम बुशवाले. मी कोल्हापूरजवळच्या शिरोलीचा, फौंड्रीवाला, म्हणजे लोखंडाचं ओतकाम करणारा. मला एवढंच सांगा, हे भंगार कालपर्यंत कुठं जात होतं? उकिरड्यावर? शिरोली, गोकुळ शिरगाव, कागल, आमच्या भट्ट्या भंगारावरच तर चालतात. बोरिंग, टर्निंग, पंचिंग, मोडक्या गाड्यांचा माल, सगळं येतं. आपल्याकडं लोखंडाचा खिळासुद्धा रस्त्यावर दोन दिवस टिकत नाही.

पावडरवाल्याला लागतो एकदम स्वच्छ माल. तो त्यानं उचलला की मला चार्जमध्ये (भट्टीत भरायच्या मालात) पिग आयर्न, म्हणजे कच्चं लोखंड, वाढवावं लागतं, आणि पिग आयर्न कुठनं येतं? ब्लास्ट फर्नेसमधनं. म्हणजे तुमचे २.३ वजा ०.७ गेले कुठं नाहीत, माझ्या खात्यावर आले. धरणात पाणी तेवढंच. तुम्ही कालवा आपल्या शेताकडं वळवला आणि म्हणताय यंदा पाऊस चांगला झाला.

जगातल्या पोलादाच्या कच्च्या मालात भंगार साधारण तीस टक्केच आहे. ते का वाढत नाही? कुणी वापरत नाही म्हणून नाही, तेवढंच निघतं म्हणून. चाळीस वर्षांमागं जे बांधलं तेच आज मोडणार.

काडीपेटी

पहिल्याच प्रतिसादात फौंड्रीवाले! खुर्ची ओढून बसतो.

बुशवाला
*विषय: कालवा मान्य, पण...*

कूपोला, मुद्दा बिनतोड आहे, आडवेढे घेत नाही. पण प्रमाण बघा. जगात पोलाद १८० कोटी टनांहून जास्त, आणि लोखंडी पावडर काही लाख टनांत मोजायची. तुमच्या धरणातून आम्ही फार तर कळशीभर पाणी नेतो. शिवाय माझा पार्ट कातावा लागत नाही, ती बचत तर खरी आहे ना?

कूपोला

ती बचत खरीच. पण ती प्रेसची, रिसायकलची नव्हे. पावडर खाणीतल्या लोखंडाची असती तरी पार्ट तेवढाच कमी माल खाणार होता. तुम्ही एका गुणाचं बक्षीस दुसऱ्याला देताय. आणि कळशीच असेल तर 'जग वाचवणारी पावडर' असे बोर्ड कशाला?

आखेनची_वारी
*विषय: लोखंड आणि टायटॅनियम एका तागडीत नको*

दोघेही लोखंडाबद्दल बोलताय, पण बुशवाले काकांनी सुरुवात टायटॅनियमने केली. मी जर्मनीत आखेनला धातूच्या लेझर प्रिंटिंगमध्येच काम करते (हे तंत्र १९९० च्या दशकात याच गावात आकाराला आलं), तेव्हा जरा सविस्तर लिहिते.

कूपोलादादांचा प्रश्न इथेही विचारायचा: टायटॅनियमचं भंगार एरवी कुठे जातं? उत्तर वेगळं येतं. विमानाचे भाग ठोकळ्यातून कातताना दहा किलो घेतले तर अनेकदा एकच किलो विमानात जातो. उरलेल्या टर्निंगमधली स्वच्छ असेल ती परत वितळते. पण तेल लागलेली, ऑक्सिजन शोषलेली बरीचशी फेरोटायटॅनियम (लोखंड-टायटॅनियमचा मिश्रधातू) होऊन पोलादाच्या भट्टीत जाते. तिथे तिचा उपयोग होतो, नाही असं नाही. पण टायटॅनियम म्हणून ती संपली, पुन्हा वेगळी काढता येत नाही. पैठणी फाडून पायपुसणं करावं तसं ते आहे.

आणि नवं टायटॅनियम किती महागात पडतं बघा. रत्नागिरीच्या किनाऱ्यावर काळी वाळू दिसते, तिच्यात इल्मेनाइट असतं. त्यातून आधी क्लोरीन वापरून टेट्राक्लोराइड करायचं, मग ते मॅग्नेशियमबरोबर बंद भांड्यात कित्येक तास तापवायचं, तेव्हा कुठे स्पंज, म्हणजे सच्छिद्र कच्चं टायटॅनियम, मिळतो. क्रोल पद्धत म्हणतात हिला, १९४० च्या दशकापासून मूळ रचना तीच. भारतात असा कारखाना केरळमध्ये चवऱ्याला आहे, वर्षाला ५०० टन क्षमतेचा. तेव्हा टायटॅनियमच्या टर्निंगची थेट पावडर झाली तर ती क्रोलची आख्खी फेरी वाचवते. इथे कालवा वळवलेला नाही, वाया जाणारं पाणी अडवलंय.

आता माझ्याच धंद्याच्या विरोधात. एक, वायूने पावडर करताना आर्गॉन भरपूर लागतो, आणि लेझर मशीनला चालणारे १५ ते ४५ मायक्रॉनचे कण एका घाण्यात अनेकदा तिसरा हिस्साच निघतात. बाकीचा माल दुसऱ्या कामाला जातो किंवा परत वितळतो. दोन, लेझर प्रिंटिंगला किलोमागे तीस-चाळीस युनिट वीज सहज लागते, छोट्या कामांना त्याहून खूप जास्त. ती कोळशाची असेल तर पावडरीत कमावलेलं मशीनवर गमावता. तीन, लोक दोन गोष्टींची गल्लत करतात: प्रिंटिंगनंतर उरलेली पावडर चाळून पुन्हा वापरणं, आणि भंगारापासून नवी पावडर करणं. पहिलीला रिसायकल म्हणणं म्हणजे उरलेला भात सकाळी फोडणीला टाकून त्याला शेती म्हणणं.

निवृत्त_क्यूसी
*विषय: भंगाराला आठवण असते*

ताईंशी बहुतांशी सहमत. लोखंडाकडे परत येतो, कारण माझी तीस वर्षं त्याच्यात गेली.

भंगारात तांबं येतं. गाडी मोडताना मोटर आणि वायरिंग नीट निघालं नाही की ते पोलादात उतरतं, आणि भट्टीत ते जळूनही जात नाही, मळीतही जात नाही. गंधक-फॉस्फरसवर उपाय आहेत, तांब्यावर परवडेल असा नाही. पत्रा लाटणारे म्हणून त्याला घाबरतात, गरम लाटताना चिरा पडतात. पावडरवाले म्हणतील, आम्ही तर तांबं मुद्दाम घालतो! खरंय, दोन टक्के वगैरे घालतात. पण वेगळी पावडर म्हणून मिसळतात. तेच तांबं लोखंडाच्या कणात आधीच विरघळलेलं असेल तर कण कडक होतो आणि डायमध्ये दबत नाही.

एकदा आमच्याकडे स्वस्त पावडरीचा लॉट आला होता. कागदावर सगळं ठीक. प्रेसवर घेतला तर नेहमीच्या टनेजला (प्रेसच्या दाबाला) ६.८ घनता येईना, ६.६ वर अडली. शिफ्ट सुपरवायझरने टनेज वाढवलं, पंच फुटला. दुसरा लावला, तोही गेला. शेवटी निम्मा लॉट परत, झालेले पार्ट भंगारात. त्या महिन्याचा कार्बन कुणी मोजायचा? त्यामुळे ड्रॉइंगवर 'रिसायकल्ड' लिहायला सांगणाऱ्यांनी आधी तांब्याची मर्यादा लिहावी.

टायटॅनियमच्या ऑक्सिजनचं तेच. शरीरात बसवायच्या ग्रेडला ०.१३ टक्के ही कमाल मर्यादा. टर्निंग गरम होऊन निळी-पिवळी पडली असेल तर ती पाळणं सोपं नाही.

हिशेबनीस
*विषय: शून्य कुठून आलं?*

मी धातूवाला नाही, निर्यातदारांचे कार्बनचे कागद करतो. १ जानेवारी २०२६ पासून युरोपची सीमेवरची कार्बन आकारणी खऱ्या अर्थाने लागू झाली आहे आणि त्यात लोखंड-पोलाद आणि अ‍ॅल्युमिनियम दोन्ही आहेत. तिथे भंगार कच्चा माल म्हणून आलं की त्याच्या डोक्यावरचं उत्सर्जन शून्य धरतात. ग्राहकाने वापरून टाकलेली गाडी असो की काल लेथवरून पडलेली टर्निंग.

आता गंमत बघा. मी शंभर किलोच्या ठोकळ्यातून दहा किलोचा पार्ट कातला. नव्वद किलो टर्निंग निघाली. ती 'भंगार' झाल्यावर तिच्या खाणीचं, भट्टीचं सगळं पाप धुतलं गेलं, आणि तिची पावडर शंभर टक्के रिसायकल्ड. म्हणजे पहिला जितका उधळ्या, दुसरा तितका हिरवा. गंगेत न्हाऊन येण्याइतकं सोपं.

आयएसओ १४०२१ या मानकात थोडा आडकाठीचा भाग आहे. ज्या प्रक्रियेतून माल उरला त्याच प्रक्रियेत तो परत घेता येत असेल, तर त्याला रिसायकल्ड म्हणायचं नाही. पण टर्निंग एका गेटमधून बाहेर आणि दुसऱ्या गेटमधून आत गेली की कागद बदलतो. म्हणून बुशवाले, ग्राहकाला विचारायला लावायचंच असेल तर 'किती टक्के रिसायकल्ड' याने भागणार नाही. वापरून झालेल्या वस्तूंचं किती, आणि कारखान्यातल्या उरलेल्या मालाचं किती, हे वेगवेगळं मागा.

बुशवाला

@हिशेबनीस, मी स्वतः गेल्या महिन्यात एका कोटेशनवर '१०० टक्के रिसायकल्ड' लिहून बसलोय. आता झोप लागायची नाही.

शिफ्ट_सी
*विषय: कणाकडेही बघा*

सगळे कार्बन मोजताय. मी पावडर चाळण्याच्या विभागात काम केलंय, म्हणून एवढंच.

२०११ साली अमेरिकेत टेनेसी राज्यातल्या गॅलेटिन गावी लोखंडी पावडरीच्या कारखान्यात पाच महिन्यांच्या आत तीन दुर्घटना झाल्या, ५ कामगार गेले. कारखाना भंगार पोलाद वितळवूनच पावडर करायचा. दोन वेळा साचलेली लोखंडी धूळ पेटली, एकदा गळका हायड्रोजन. तिथल्या केमिकल सेफ्टी बोर्डाचा अहवाल उघड आहे, तो वाचल्यावर मी आमच्या छताच्या तुळयांवर बोट फिरवून बघितलं. बोट काळं झालं.

अ‍ॅल्युमिनियम आणि टायटॅनियम तर लोखंडापेक्षा कितीतरी भडक. पर्यावरण म्हटलं की ओझोन आणि अस्वलं आठवतात, प्रेसजवळचा माणूस श्वासाबरोबर काय घेतो ते कुणाच्या तक्त्यात नसतं.

काडीपेटी

आता खुर्ची आत नेतो.

आखेनची_वारी

शिफ्ट_सी, धन्यवाद. अ‍ॅपलनेही पावडरीतला ऑक्सिजन कमी करावा लागला, नाहीतर लेझरखाली ती पेटण्याचा धोका होता, हे सांगितलं आहे. मला तरी बातम्यांत ते वाक्य दिसलं नाही.

बुशवाला
*विषय: धागा मोडत नाही, पण दुरुस्त करतो*

बराच विचार केला. साध्या लोखंडी पावडरीसाठी 'भंगारापासून म्हणून हिरवी' हा दावा मी मागे घेतो. कूपोला बरोबर आहेत, आमचं श्रेय माल वाया न घालवण्याचं आहे आणि तेवढंच सांगायचं. शिवाय आम्हाला पावडर देणाऱ्यांची भट्टी टनाला सहाशेच्या आसपास युनिट खाते. देशातली वीज युनिटला सरासरी ०.७ किलो कार्बन डायऑक्साइड सोडते, म्हणजे नुसत्या वितळण्याचेच चारशे किलो झाले. वाळवण, हायड्रोजन, आमचं सिंटरिंग पुढे. मी सुरुवातीला दिलेले ०.७ टन पोलादाचे होते, पावडरीचे नव्हेत. ही माझी चूक.

पण टायटॅनियम, निकेल, कोबाल्ट यांच्या बाबतीत मी हटत नाही. तिथे भंगाराची किंमत उतरते, ती घसरण पावडर थांबवते. आता ताईंना एक खरा प्रश्न. माझा एक ओळखीचा हाडांचे स्क्रू आणि प्लेटा कातून बनवतो. त्याच्याकडे टायटॅनियम आणि स्टेनलेसची टर्निंग एकाच ड्रममध्ये पडते, वरून कूलंट. भंगारवाला सगळं स्टेनलेसच्या भावात नेतो. याचं काही होऊ शकतं?

आखेनची_वारी

झालेल्या ड्रमचं फार काही नाही काका. ते स्टेनलेस चुंबकाला चिकटत नाही, टायटॅनियमही नाही, त्यामुळे चुंबक फिरवून वेगळं निघणार नाही. पुढच्यासाठी सांगते. टायटॅनियमला एक लेथ राखून ठेवायचं, ड्रमला झाकण आणि वेगळा रंग, आणि टर्निंग साचू द्यायची नाही, बारीक असेल तर पेट घेते. ग्रेड ५ आणि ग्रेड २३ (टायटॅनियमचे दोन मिश्रधातू) सुद्धा वेगळे. तेल धुऊन ग्रेडचं सर्टिफिकेट जोडलं तर ती टर्निंग म्हणून नाही, कच्चा माल म्हणून विकली जाते. सुरुवात रंगाच्या डब्यापासून.

निवृत्त_क्यूसी

आणि शंका आली तर एक तुकडा ग्राइंडरला लावून बघा. टायटॅनियमच्या ठिणग्या पांढऱ्याशुभ्र, डोळे दिपवणाऱ्या. ड्रमपासून लांब उभं राहून, बरं का.

कूपोला

बुशवाले, दिलदार माणूस आहात. त्या ओळखीच्याचं टायटॅनियम ताईंच्या हिशोबानं जाऊ दे. तुमच्या टूलरूमची बोरिंग आणि फुटलेले पंच मात्र आमच्याकडंच. भाव फोनवर बोलू, इथं हिशेबनीस बसलेत.