मदत हवी आहे : कोहात एकाच नावाचे लेखक एका नोंदीत अडकलेत, वेगळे कसे करायचे?

हलशीकर
नमस्कार मंडळी. खानापूर तालुक्यातल्या एका मराठी वाचनालयाची यादी दुरुस्त करायचं काम सुरू आहे. मराठी पुस्तकं अकरा हजारांच्या आसपास, कन्नड दीड हजार. आधी दाखल रजिस्टरवरून इंग्रजी अक्षरांत एक्सेल झालं होतं, तेच पुढे देवनागरीत फिरवून कोहा ह्या ग्रंथालयाच्या सॉफ्टवेअरमध्ये चढवलं. पुस्तकांच्या नोंदी बऱ्या आहेत, लेखकांच्या ऑथॉरिटी नोंदींचा (लेखकाचं ठरलेलं नाव ठेवणाऱ्या, त्याची पुस्तकं जिला जोडतात त्या नोंदींचा) मात्र गोंधळ आहे.

"जोशी, वामन" ह्या एकाच नोंदीला कादंबऱ्या, नाटकं, नीतिशास्त्र सगळंच जोडलेलं आहे. आपट्यांचंही तसंच. बेंद्रे उलट तीन ठिकाणी विखुरलेत. शिवाय आपल्याच भागातले, आडनाव पाटील आणि आद्याक्षरंही सारखी असे तिघे लेखक एकत्र आलेत: एकाचं ऊसशेतीवर, एकाच्या कविता, एकाचं कीर्तनावर. ह्यांची जन्मसालं कुठेच मिळत नाहीत.

सुरुवात कुठून करू? आणि जन्मसाल नसेल तिथे नावापुढे काय लिहायचं?

नोंदपत्र
दुरुस्तीला हात घालण्याआधी तीन गोष्टी करा, नाहीतर दिवसभर सोडवलेलं रात्रीत परत गुंतेल.

डेटाबेसचा बॅकअप घ्या. सिस्टिम प्रेफरन्समध्ये "लिंकर मॉड्यूल" बघा. तिथे "फर्स्ट मॅच" असेल तर सारख्या नावाच्या चार नोंदींतली जी पहिली सापडेल तिला पुस्तक जोडलं जातं. ते "डिफॉल्ट" करा, म्हणजे जुळणारी नोंद एकच असेल तरच जोडणी होते. तिसरं, कॅटलॉगमध्ये नोंद सेव्ह करताना जुन्या जोडण्या पुन्हा जुळवणारा "कॅटलॉग मॉड्यूल रीलिंक" बंद आहे ना, ते तपासा.

आता जोशींचं. त्या मिसळलेल्या नोंदीत चुकूनही जन्मसाल टाकू नका. कोहात ऑथॉरिटी बदलली की तिला जोडलेल्या सगळ्या पुस्तकांवरचं नाव बदलतं. तुम्ही "१८८२-१९४३" लिहिलंत की दुसऱ्या वामनरावांच्या नाटकांवरही तेच साल चढेल आणि मग ती नोंद बरोबर दिसायला लागेल. चुकीपेक्षा ही बरोबर दिसणारी चूक शोधायला फार जड जाते.

करायचं असं: वामन मल्हार जोशी (१८८२-१९४३) आणि वामन गोपाळ जोशी (१८८१-१९५६) अशा दोन नव्या नोंदी करा. जुन्या नोंदीची जोडलेली पुस्तकं उघडा, प्रत्येक पुस्तकाच्या १०० ह्या क्षेत्रात (मुख्य लेखकाच्या रकान्यात) योग्य ऑथॉरिटी निवडा. निवडली की "९" ह्या सबफिल्डमध्ये (क्षेत्रातल्या उपकप्प्यात) तिचा क्रमांक आपोआप बसतो, तो बदललाय का एवढं बघा. सहलेखक, संपादक, भाषांतरकार ७०० मध्ये असतात, तेही बघा, बहुतेक जण ते विसरतात. जुन्या नोंदीला एकही पुस्तक उरलं नाही की मगच ती काढा.

पुस्तकं पन्नासच्या वर असतील तर बदल लगेच उमटत नाहीत. "ऑथॉरिटी मर्ज लिमिट" मूळचं पन्नास असतं, त्यापुढची कामं रात्रीच्या क्रॉनवर (ठरल्या वेळी आपोआप चालणाऱ्या कामावर) जातात. क्रॉन लावलेलीच नसेल तर नावं जुनीच दिसत राहतात आणि लोक तोच बदल पुन्हा पुन्हा करत बसतात.

मलप्रभा
मूळ रोग एक्सेलचा आहे. इंग्रजी आद्याक्षरावरून मराठी आद्याक्षर काढता येत नाही. इंग्रजी "व्ही" म्हणजे व, वा, वि किंवा व्यं. "एस" म्हणजे स, सु, श, शं, श्री. "जी" म्हणजे ग, गं, गो. मराठीत स्पष्ट वेगळी असलेली माणसं इंग्रजीत एक होतात आणि परत देवनागरीत आणताना ज्याने बदललं त्याच्या अंदाजाने बसतात. तेव्हा एक्सेल बाजूला ठेवा, कपाटातून पुस्तक काढा, शीर्षकपान बघा.

आपट्यांचं प्रकरण तर जपूनच हाताळा. हरि नारायण आपटे (१८६४-१९१९) आणि नारायण हरि आपटे (१८८९-१९७१), दोघेही कादंबरीकार, आद्याक्षरं फक्त उलटी. एक्सेलमध्ये आडनाव पुढे आणताना ह. ना. आणि ना. ह. यांची अदलाबदल सहज होते. जुन्या बांधणीत शीर्षकपान गेलेलं असेल तर निव्वळ कण्यावरच्या अक्षरांवर विश्वास ठेवू नका, बांधणाऱ्याने ती स्वतःच्या सोयीने छापलेली असतात.

पुढेमागे जुनी पुस्तकं स्कॅन करून सगळ्यांना खुली करायचा विचार असेल तर ह्या दोघांना वेगळं करणं कायद्याच्या दृष्टीनेही गरजेचं आहे. आपल्याकडे लेखकाच्या मृत्यूच्या पुढल्या वर्षापासून ६० वर्षं स्वामित्वहक्क असतो. ह. नां.चं लेखन केव्हाच मुक्त झालं. ना. हं.चं २०३१ संपेपर्यंत नाही. नोंद चुकली तर चुकीचं पुस्तक खुलं होईल.

हलशीकर
एक्सेलचं पटलं. पुस्तकं काढून बघायला सुरुवात करतो. पण दोन पुस्तकांचा लेखक एकच, हे ठरवायला किती पुरावा पुरे? आणि त्या पाटलांचं काय?

नोंदपत्र
माझा नियम: एकमेकांवर अवलंबून नसलेले दोन पुरावे मिळाले तरच एकत्र, नाहीतर वेगळे. कारण साधं आहे. वेगळ्या ठेवलेल्या दोन नोंदी उद्या मर्ज करायला मिनिट पुरतं. मर्ज केलेली मात्र सोडवायला बटण नाही, पुन्हा एकेक पुस्तक हातात घ्यावं लागतं.

पुरावे कुठे मिळतात? शीर्षकपानावरचं पूर्ण नाव आणि पदवी. मागच्या पानावरचं हक्काचं विधान: हक्क पत्नीच्या किंवा मुलाच्या नावे असेल तर वडिलांचं नावही कळतं आणि लेखक त्या सालाआधी गेला हेही कळतं. प्रस्तावनेखाली गाव आणि तारीख असते. तिथे शक असेल तर त्यात ७८ मिळवा, शके १८४२ म्हणजे १९२०. मजकूर पौषाच्या उत्तरार्धातला किंवा माघ-फाल्गुनातला असेल तर ७९. अर्पणपत्रिका वाचा, आईवडिलांची नावं तिथे असतात. "लेखकाची इतर पुस्तके" ही यादी उपयोगी, पण एकटी पुरावा म्हणून धरू नका, काही प्रकाशकांनी स्वतःच दोन लेखक एकत्र केलेले असतात.

विषय सारखा आहे हा पुरावाच नव्हे. एकच माणूस शेतीवरही लिहितो आणि अभंगही रचतो, आपल्या भागात तर हमखास.

१९५० पर्यंतच्या पुस्तकांसाठी शं. ग. दात्यांची ग्रंथसूची बघा. पहिला भाग १८०० ते १९३७, दुसरा १९३८ ते १९५०. त्यात बहुतेक ठिकाणी नाव पूर्ण मिळतं. त्यानंतरच्यांसाठी व्हिआफ (देशोदेशीच्या ग्रंथालयांच्या लेखक-नोंदींचा ऑनलाइन संग्रह) आणि विकिडेटा, पण व्हिआफमध्येही भारतीय नावांची सरमिसळ झालेली असते. तिथला क्रमांक उचलण्याआधी त्या नोंदीखालची पुस्तकं तुमच्याच लेखकाची आहेत का ते बघा.

तिघा पाटलांसाठी क्रम असा लावा. वडिलांचं नाव कळलं तर "क्यू" सबफिल्डमध्ये पूर्ण रूप. जन्मसाल कळलं तर "डी". दोन्ही नसेल तर "डी" मध्येच कार्यकाळ, म्हणजे "कार्यरत १९६८". तोही दोघांचा सारखा असेल तर "सी" मध्ये ओळख: "कवी", "कीर्तनकार", "शेतीतज्ज्ञ". गावाचं नाव शक्यतो टाळा, त्याच गावात त्याच नावाचा दुसरा निघतो.

आणि एक महत्त्वाचं. तिघांपैकी एकालाही नुसतं "पाटील" आणि आद्याक्षरं एवढ्यावर ठेवू नका. तशी एक जरी मोकळी नोंद राहिली तर लिंकर "डिफॉल्ट" असूनही उद्या येणारा चौथा पाटील नेमका तिलाच जाऊन चिकटेल, कारण त्याच्या दृष्टीने जुळणारी नोंद ती एकच.

प्रत्येक नोंदीत ६७० हे पुराव्याचं क्षेत्र भरा: कोणत्या पुस्तकाच्या कोणत्या पानावर काय लिहिलंय. "शीर्षकपानावर पदवी कीर्तनालंकार; प्रस्तावनेखाली निपाणी, १९७१" एवढं पुरे. पाच वर्षांनी दुसरं कुणी हे काम हातात घेईल तेव्हा तुम्ही का वेगळं केलंत हे त्याला कळायला दुसरा मार्ग नाही.

तिसरं कपाट
कन्नड विभागाचं मी सांगते, कारण मराठी नोंदणीत त्याच्याकडे कुणी बघत नाही.

द. रा. बेंद्रे (१८९६-१९८१) हे एकच गृहस्थ तुमच्याकडे तीन रूपांत असणार: मराठी कपाटात "बेंद्रे, द. रा.", इंग्रजी एक्सेलमधून "बेंद्रे, डी. आर.", आणि कन्नड कवितासंग्रहांवर "अंबिकातनयदत्त". डी. आर. हा ऑथॉरिटीच्या ४०० मध्ये (नावाच्या पर्यायी रूपांच्या क्षेत्रात) "पाहा" म्हणून टाका. टोपणनावासाठी दोन मतं आहेत. आरडीए ही नोंदणीची नियमावली म्हणते की लेखक दोन नावांनी जाणीवपूर्वक वेगवेगळं लिहीत असेल तर दोन नोंदी ठेवा आणि ५०० ने एकमेकींना जोडा. कुसुमाग्रज आणि वि. वा. शिरवाडकर ह्यांना ते शोभतं, कविता एका नावाने, नाटकं दुसऱ्या. बेंद्र्यांसाठी छोट्या वाचनालयात एकच नोंद आणि ४०० बरा, वाचकाला सगळी पुस्तकं एका जागी मिळतात.

शं. बा. जोशी (१८९६-१९९१) आपल्याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे. कन्नडमध्ये प्रचंड लिहिलं, मराठीतही लिहिलं. लिपी वेगळी म्हणून दोन माणसं करू नका. एकच ऑथॉरिटी, कन्नड लिपीतलं रूप ४०० मध्ये. ते इतिहाससंशोधक शं. ना. जोशींमध्ये मिसळत नाहीत ना, हे मात्र बघा, दोघांचीही पुस्तकं इतिहासाच्याच कपाटात असतात.

उलटा सापळाही आहे. "आनंद" म्हणजे अज्जंपूर सीताराम (१९०२-१९६३) आणि "आनंदकंद" म्हणजे गोकाक तालुक्यातल्या बेटगेरीचे कृष्णशर्मा (१९००-१९८२). अर्धवट नाव टाकून शोधलं की दोघं एका यादीत येतात आणि घाईत मर्ज होतात.

दक्षिण कर्नाटकातल्या नावांत आद्याक्षर गावाचंही असतं. के. व्ही. पुट्टप्पा ह्यात "के" म्हणजे कुप्पळी हे गाव आणि "व्ही" म्हणजे वडील व्यंकटप्पा. तिथे मराठी सवयीने पहिलं अक्षर स्वतःचं आणि दुसरं वडिलांचं असं उलगडू नका. बेळगाव-धारवाडकडे मात्र बहुधा आपल्यासारखीच पद्धत.

बेळगावच्या वाचनालयात इंदिरा संत (१९१४-२०००) असणारच. माहेरचं दीक्षित हे ४०० मध्ये द्या. प्रकाश नारायण संत (१९३७-२००३) ह्यांचंही मूळ नाव भालचंद्र गोपाळ दीक्षित, तेही ४०० मध्ये. संत आणि दीक्षित दोन्हीकडे मायलेक शेजारी येतील, म्हणून दोघांनाही सालं हवीतच.

मलप्रभा
एक राहिलं. सगळं केल्यावरही एकच लेखक दोनदा दिसला तर अक्षरांच्या आतलं तपासा. "ऱ्या" दोन प्रकारे टाइप होतो: नुक्त्याच्या ऱ ला हलन्त देऊन, किंवा साध्या र ला हलन्त आणि अदृश्य जोडचिन्ह देऊन. डोळ्याला एकच, कोहाला दोन. "ॲ" चंही तेच. "वि.स." आणि "वि. स." ही जागा सोडण्या-न सोडण्यानेही वेगळी. जुन्या पुस्तकांत "हरि", "विष्णु" असतं, नव्या आवृत्त्यांत "हरी", "विष्णू". कुठलं रूप मुख्य धरायचं ते एकदा ठरवा, कागदावर लिहून संगणकाशेजारी लावा, दुसरं रूप ४०० मध्ये. ऑथॉरिटींची यादी सीएसव्हीत काढून जागा, टिंब आणि अदृश्य चिन्हं पुसून क्रम लावलात तर अशा जोड्या एकाखाली एक दिसतात.

हलशीकर
लिंकर खरंच "फर्स्ट मॅच" वर होता, बदलला. आधी आपटे आणि जोशी हातात घेतो, मग कन्नड कपाट. संतकवींचं विचारायचं राहिलं: "नामदेव" ह्या नोंदीखाली सगळे अभंग आहेत.

तिसरं कपाट
तिथे नावाच्या क्षेत्राचा पहिला निर्देशक (नावाचा प्रकार सांगणारा आकडा) शून्य ठेवा, कारण आडनाव नाही, आणि "सी" मध्ये "संत". विष्णुदास नामा हा नंतरच्या काळातला दुसरा कवी, त्याची वेगळी नोंद करा. ज्या गाथेत संपादकानेच दोघांच्या रचना वेगळ्या केलेल्या नाहीत, तिथे शीर्षकपानावर असेल तेच नाव द्या आणि मिश्र असल्याचं ५०० ह्या टिपेत लिहा. हे ५०० पुस्तकाच्या नोंदीतलं, ऑथॉरिटीतलं नव्हे. अभंग कुणाचा हे ठरवणं संशोधकांचं काम, यादीने ते आपल्या अंगावर घेऊ नये.