‘विल्डरनेस’ला मराठीत काय म्हणावे? रान, जंगल, अरण्य की आणखी काही

कोरांटी
एका वाचनालयासाठी पुस्तकांची यादी करते आहे. वस्ती, शेती, रस्ते यांच्यापलीकडच्या निसर्गात हिंडण्याची, त्याचा आस्वाद घेण्याची आणि तो राखण्याची पुस्तके. थोरोचे ‘वॉल्डन’ (१८५४), जॉन म्यूरचे ‘माय फर्स्ट समर इन द सिएरा’ (१९११), आल्डो लिओपोल्डचे ‘अ सँड काउंटी अल्मनॅक’ (१९४९) ही नावे ठरलेली. मराठीतून मारुती चितमपल्ली आणि व्यंकटेश माडगूळकर. घोडे अडले आहे ते शीर्षकावर. ‘जंगलविषयक’ म्हटले तर वाळवंट, हिमनद्या, दलदली बाहेर राहतात. ‘निसर्गविषयक’ म्हटले तर कुंडीतला गुलाबही आत येतो. ‘वन्यप्रदेश’ हा शब्द सरकारी फायलीबाहेर कुणाच्या तोंडी ऐकलेला नाही. काय लिहू?

आडवाट
रान. दोन अक्षरी, सगळ्यांना कळणारा शब्द. एवढा काथ्याकूट कशाला?

शब्दखूळ
आडवाट, इतके सोपे नाही. ‘बाबा रानात गेलेत’ याचा अर्थ बाबा शेतात गेलेत. ‘रान नांगरून झालं’, ‘रानात पाणी सोडलंय’ ही सगळी शेतीची भाषा. कसलेली जमीन हा तर विल्डरनेसचा नेमका उलटा अर्थ झाला. गंमत म्हणजे हेच रान दुसऱ्या शब्दामागे जोडले की अर्थ फिरतो. रानडुक्कर, रानमांजर, रानकेळ, रानहळद म्हणजे न पाळलेले, न लावलेले. म्हणजे उपपद म्हणून रान चोख, नाम म्हणून दगाबाज.

‘जंगल’बद्दल कोरांटीताईंनी घेतलेला आक्षेप आजच्या अर्थाने बरोबर आहे, पण मूळ शब्दाला तो लागू होत नाही. आयुर्वेदात देशाचे, म्हणजे भूप्रदेशाचे, तीन प्रकार सांगितले आहेत: जांगल, आनूप आणि साधारण. त्यातला आनूप पाणथळ, दाट झाडीचा. जांगल म्हणजे कोरडा, उघडा, विरळ झुडपांचा मुलूख. आज आपण ज्याला जंगल म्हणतो त्याच्याशी आनूप अधिक जुळेल! हाच शब्द पुढे इंग्रजीत गेला आणि तिथे वेलींनी गच्च, ओल्याचिंब झाडीचा होऊन बसला.

राहिला ‘अरण्य’. त्याची एक व्युत्पत्ती ‘अरण’ म्हणजे दूरचे, परके या शब्दाशी जोडतात. वैदिक वाङ्मयात ग्राम आणि अरण्य ही जोडी सतत येते, पशूसुद्धा ग्राम्य आणि आरण्य असे दोन प्रकारचे. गावाची हद्द संपली की अरण्य सुरू, मग तिथे सागवान असो की नुसते खडक. अरण्याला झाडे मोजायची गरज पडत नाही. ‘विल्डरनेस’ या इंग्रजी शब्दाचे मूळही ‘रानटी श्वापदांची जागा’ असेच सांगतात, त्यातही वनस्पती कुठेच नाही. माझे मत अरण्याला.

तिरपी मात्रा
व्युत्पत्ती मान्य. पण शीर्षकात ‘अरण्य’ दिसले की निम्मे वाचक पोथ्यांचे कपाट समजून पुढे जातील. अरण्यरुदन, अरण्यकांड, आरण्यके हा सगळा गोतावळा मागोमाग येतो.

मला वेगळ्या टोकाने जायचे आहे. विल्डरनेसची कायदेशीर व्याख्या एका संपादकाने लिहिली आणि तिच्यातला एक शब्द मराठीत आणून पाहण्यासारखा आहे. हॉवर्ड झाहनायझर ‘द लिव्हिंग विल्डरनेस’ या नियतकालिकाचे संपादक होते. अमेरिकेच्या १९६४ च्या विल्डरनेस कायद्याचे साठाहून अधिक मसुदे त्यांच्या हाताखालून गेले. ३ सप्टेंबरला राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांची सही झाली आणि सुमारे ९१ लाख एकर जमीन लगेच कायद्याच्या छत्राखाली आली, पण झाहनायझर त्याच वर्षी मे महिन्यात वारले होते. व्याख्येत त्यांनी भूमी आणि तिच्यावरची जीवसृष्टी माणसाकडून ‘अनट्रॅमल्ड’ असावी, माणूस तिथे पाहुणा असावा, मुक्कामाला नसावा, असे म्हटले.

हा ‘अनट्रॅमल्ड’ बरेच जण घाईत ‘अनट्रॅम्पल्ड’ असा वाचतात, म्हणजे ‘पायदळी न तुडवलेले’. त्यावरून भाषांतरात ‘अस्पर्शित’, ‘अक्षत’, ‘कुमारी भूमी’ असले शब्द येतात. (कुमारी भूमी वाचले की मी पुस्तक मिटतो.) ट्रॅमल म्हणजे घोड्याच्या पायांना घालायची दोरी. त्याला मराठीत हुबेहूब शब्द आहे: पायबंद! ‘अनट्रॅमल्ड’ म्हणजे पायबंद न घातलेली जमीन. ती तुडवलेली असू शकते, जळलेली असू शकते, एकेकाळी कुऱ्हाड चाललेली असू शकते. आज तिला तिच्या मर्जीने चालू दिले जाते की नाही, एवढाच प्रश्न. ‘अनडिस्टर्ब्ड’ हा पर्याय सुचवला गेला होता, तो त्यांनी घेतला नाही, आणि त्याचे फळ पुढे दिसले. पूर्व अमेरिकेतली तोड होऊन पुन्हा वाढलेली कितीतरी राने १९७५ मध्ये संरक्षणात घेता आली. ‘अस्पर्शित’ अशी अट असती तर एकही आले नसते.

म्हणून नाम कोणतेही घ्या, विशेषण म्हणून ‘बिनपायबंदाचे’ किंवा ‘मोकळे’ येऊ द्या.

आडवाट
मोकळे रान! म्हणजे शेवटी रानच की. 😀

तिरपी मात्रा
‘मोकळे रान मिळणे’ हा वाक्प्रचार गुंडापुंडांच्या संदर्भात वापरून आपण वाया घालवला आहे, नाहीतर लगेच घेतला असता.

पानगळ
यादीत ‘वॉल्डन’ आहे म्हणून एक मुद्दा. ते पुस्तक विल्डरनेसचे नाहीच. कॉन्कॉर्ड गावापासून पायी जाता येईल अशा तळ्याकाठी, मित्र एमर्सनच्या जमिनीवर बांधलेली झोपडी होती ती. थोरोचा लाडका शब्द दुसरा: ‘वाइल्डनेस’. जगाचे रक्षण वाइल्डनेसमध्ये आहे, हे त्याचे प्रसिद्ध वाक्य ‘वॉकिंग’ या निबंधातले. थोरो मे १८६२ मध्ये गेला आणि पुढच्याच महिन्यात निबंध छापून आला. भिंतीवर लावायच्या चित्रांत ते वाक्य सर्रास ‘विल्डरनेस’ असे छापतात, आणि तिथेच अर्थ निसटतो. विल्डरनेस ही जागा आहे, वाइल्डनेस हा गुण. गुण अंगणातल्या गवतातही सापडतो.

गुणाला मराठीत काय? ‘रानटीपणा’ ही शिवी झाली. ‘वन्यता’ परीक्षेच्या पेपरातली वाटते. मला ‘रानवट’ आवडतो. रानवट वास, रानवट चव, रानवट माणूस. त्यात तुच्छता कमी, चव जास्त.

शब्दखूळ
रानवट! झकास. हा शब्द वर्षानुवर्षे कुठे दडून बसला होता?

घोणस
माझा आक्षेप शब्दावर नाही, कल्पनेवर आहे. ‘माणूस तिथे पाहुणा’ हे कुणाच्या बाजूने? कॅलिफोर्नियातल्या योसेमिटीच्या खोऱ्यात ‘आवानीची’ नावाचे आदिवासी लोक राहत होते, गवत जाळून खोरे मोकळे ठेवत होते. त्यांना हुसकावल्यावर ते ‘निर्जन’ झाले. इतिहासकार रामचंद्र गुहांनी १९८९ मध्ये आणि विल्यम क्रोनन यांनी १९९५ मध्ये याच कल्पनेची चिरफाड केली. हे दोन निबंध यादीत नसतील तर यादी अपुरी आहे. आणि शीर्षकात ‘निर्मनुष्य’ कृपया नको. चितमपल्लींच्या लेखनात रान आहे तसे रानातले लोकही आहेत, त्यांचे शब्द आहेत. वनखात्यातल्या नोकरीत कानावर पडलेली बोली त्यांनी पुस्तकांत उतरवली. उलट माडगूळकरांच्या ‘सत्तांतर’ कादंबरीत वानरांच्या टोळ्या एकमेकींशी भिडतात, आणि ते माणसाला मध्ये येऊ देत नाहीत. दोन्ही तऱ्हांची पुस्तके एकाच कप्प्यात ठेवणारा शब्द हवा.

कोरांटी
गुहा आणि क्रोनन घेते. ‘अस्पर्शित’, ‘निर्मनुष्य’ बाद. आता तिसरा भाग: रक्षणाच्या पुस्तकांना संरक्षण म्हणू की संवर्धन?

शब्दखूळ
संवर्धन म्हणजे वाढवणे. ‘वनसंवर्धन’ म्हणून कुणी निलगिरीच्या रांगा लावल्या तरी शब्द खोटा पडत नाही, ही त्याची अडचण. अमेरिकेतला जुना वादही याच खाचेतला. गिफर्ड पिंशो हा वनखात्याचा पहिला प्रमुख. जंगल नीट वापरावे, पुरवून वापरावे, असे त्याचे म्हणणे. म्यूरला ते आहे तसे टिकायला हवे होते. योसेमिटी उद्यानातल्या ‘हेच हेची’ नावाच्या खोऱ्यात धरण बांधायला १९१३ मध्ये परवानगी मिळाली तेव्हा पिंशो धरणाच्या बाजूने होता. पिंशोच्या पक्षाला ‘संवर्धन’ शोभेल, म्यूरच्या पक्षाला ‘जतन’.

‘संरक्षण’ वापरताना एक सापळा ध्यानात ठेवा. १९२७ च्या भारतीय वन अधिनियमात ‘राखीव’ आणि ‘संरक्षित’ असे दोन वर्ग आहेत. ऐकताना ‘संरक्षित’ कडक वाटते, पण कायद्यात कडक आहे ते ‘राखीव’. राखीव वनात परवानगीशिवाय बहुतेक गोष्टींना मनाई. संरक्षित वनात ज्यावर बंदी घातली तेवढेच निषिद्ध.

पानगळ
मग ‘राखण’ घ्या ना. त्यात वाढवणे नाही, वापरणे नाही. ‘रान राखणे’ हा जुनाच प्रयोग आहे.

तिरपी मात्रा
राखण पिकाचीही असते हो, पाखरे हाकलायला. इथे पाखरांचीच राखण करायची आहे.

कोरांटी
चालेल. कच्चे शीर्षक असे: ‘अरण्यवाचन’, त्याखाली लहान अक्षरांत ‘भटकंती, आस्वाद, राखण’. पोथी समजून कुणी उघडलेच तर आत म्यूर भेटेल, तेही वाईट नाही. ‘वॉल्डन’ भटकंतीतून काढून आस्वादात ठेवते, टिपणात ‘रानवट’ वापरते. आणि १९६४ च्या व्याख्येचे भाषांतर द्यायचे झाले तर ‘पायबंद’ तिरप्या मात्रांच्या नावाने.

घोणस
लिओपोल्ड कुठल्या कप्प्यात? त्या पुस्तकात तिन्ही आहे, आणि अर्धेअधिक तर एका पडीक, निःसत्त्व झालेल्या शेतावर घडते.

आडवाट
म्हणजे रानातच. मी पहिल्या प्रतिसादात काय म्हणालो होतो?