‘धम्म पाळला की धंदा बुडतो’ म्हणणाऱ्यांना उत्तर

तागडी

‘खडूफळा’ यांनी परवा लिहिलं: बुद्धानं तृष्णा सोडायला सांगितली, बाजार चालतो तृष्णेवर, म्हणजे धम्म मनावर घेणारा गृहस्थ कंगाल होणार. शिवाय भिक्खूंचा संघसुद्धा जगला तो व्यापाऱ्यांच्या दानावरच. खाली बऱ्याच जणांनी ‘अगदी खरं’ म्हणून दुजोरा दिला. राहवलं नाही, म्हणून वेगळा धागा काढतोय.

भिक्खूचे नियम उचलून गृहस्थाच्या गळ्यात अडकवलेत, सगळा घोळ तिथे आहे. तीन चीवरं, पात्र, कमरबंद, वस्तरा, सुई, पाणी गाळायचं फडकं या आठ वस्तू भिक्खूच्या. गृहस्थाला अशी यादी कुणी दिलीय? कोलिय लोकांच्या कक्करपत्त गावी दीघजाणू नावाचा गृहस्थ बुद्धाकडे येतो आणि सरळ सांगतो, आम्ही पोराबाळांच्या गराड्यात राहणारी माणसं, काशीचं चंदन लावतो, सोनं-रुपं घेतो, आमच्या उपयोगाचं काही सांगा. त्याला ‘सोनं टाकून ये’ असं उत्तर मिळत नाही. उट्ठानसंपदा (उद्योगीपणा), आरक्खसंपदा (मिळवलेलं राखणं), कल्याणमित्रता (चांगली संगत) आणि समजीविता (मिळकतीच्या मानानं जगणं) या चार गोष्टी मिळतात. पहिलीत शेती, व्यापार, गोपालन, धनुर्विद्या, राजसेवा, कारागिरी सगळं येतं, फक्त हातात कसब हवं आणि आळस नको. दुसरी म्हणजे घाम गाळून मिळवलेलं राजा, चोर, आग, पूर आणि नावडते वारस यांच्यापासून राखायचं.

समजीविता नीट वाचा. तागडी धरणाऱ्याला कळतं की पारडं इतक्यानं झुकलं, इतक्यानं वर गेलं. तसा आपला आय आणि व्यय माणसाला कळला पाहिजे. मिळकत थोडी आणि थाट मोठा असेल तर तो उंबर खाणारा: झाड गदागदा हलवायचं, ढीगभर फळं पाडायची, चार खायची, बाकीची मातीत. आणि मिळकत भरपूर असून हालात जगणाऱ्यालाही तिथे दोष दिलाय, हा अनाथासारखा मरेल म्हणून. गरिबीचं कौतुक करणारा माणूस असं बोलेल का?

सिगाल नावाच्या तरुण गृहस्थाला तर बुद्धानं हिशेबच मांडून दिलाय. एका हिश्श्यात खा-प्या, दोन हिस्से कामधंद्यात घाला, चौथा अडीअडचणीसाठी ठेवा. निम्मी मिळकत धंद्यात घालायला सांगणाऱ्यावर धंदा बुडवल्याचा आरोप!

खडूफळा

माझं नाव घेऊन धागा काढलात, तर उत्तरही घ्या.

चार हिश्श्यांत दान कुठे आहे? एक उपभोग, दोन धंदा, एक शिल्लक, संपलं. ज्या दानावर संघ उभा होता ते या हिशेबात नाहीच. दुसरं, हातावर पोट असणाऱ्यानं चार हिस्से कशाचे करायचे? हा हिशेब श्रेष्ठीपुत्रासाठी आहे, मजुरासाठी नाही.

आणि मुख्य मुद्दा तसाच राहिला. एक घर असं वागलं तर ते सावरेल, मान्य. सगळ्यांनीच जपून खर्च केला तर विणकराचं कापड कोण घेणार? बुद्धाचा शिष्य आनंद यानं उदेन राजाला सांगितलेला हिशेब आठवा. नवी चीवरं मिळाली की जुन्यांचे पलंगपोस, जुन्या पलंगपोसांच्या गादीच्या खोळी, खोळींच्या सतरंज्या, सतरंज्यांची पायपुसणी, पायपुसण्यांची धूळ झाडायची फडकी, आणि ती फडकी कुटून चिखलात कालवून जमिनीला लिंपायची. राजा खूश झाला. पण एक कापड इतके जन्म घेणार असेल, तर विणकरानं काय करायचं?

मूळपाठ

दानाचं उत्तर अट्ठकथेत, म्हणजे सुत्तांवरच्या जुन्या टीकेत, आहे. उपभोगाच्या पहिल्या हिश्श्यातच दानधर्म धरलाय. अट्ठकथा नको असेल तर अनाथपिंडिक या श्रीमंत उपासकाला सांगितलेले संपत्तीचे पाच उपयोग बघा. आधी स्वतः, आईबाप, बायकामुलं, नोकरचाकर, मग मित्र, मग आपत्तीपासून बचाव, मग नातेवाईक, पाहुणे, पितर, राजा आणि देवता यांना पाच बली, शेवटी श्रमण-ब्राह्मण. यात राजबली, म्हणजे करसुद्धा आहे. आणि नोकर पहिल्याच ओळीत आहेत, भिक्खू शेवटच्या.

मजुराचं विचारलंत. सिगालसुत्तात, सिगालाला केलेल्या त्याच उपदेशात, मालकाची पाच कर्तव्यं आहेत: ताकद पाहून काम देणं, जेवण आणि वेतन, आजारपणात देखभाल, गोडधोड आलं की वाटून खाणं, वेळेवर सुट्टी. आजारपण आणि सुट्टी वेगळी सांगितलीत, यावरून मालक तेव्हा काय करत असतील ते ओळखा.

विणकराचं: चीवर फाटेपर्यंत वापरा हा संघाचा शिरस्ता आहे. ज्या आनंदाचं उदाहरण दिलंत त्याला राजवाड्यातल्या स्त्रियांनी पाचशे वस्त्रं दिली होती. म्हणजे कापड घेणारे होते, विणकरही उपाशी नव्हते.

गाळणी

सगळे उपभोगावर अडकलात. खरा प्रश्न व्याजाचा आहे आणि त्याला कुणी हात लावत नाही.

उपासकानं न करायचे व्यापार पाच: शस्त्र, जिवंत प्राणी (माणसंही), मांस, मद्य, विष. सावकारी यात नाही. का नाही? सामञ्ञफलसुत्तात माणूस कर्ज काढून धंदा करतो, धंदा चालतो, कर्ज फेडून वर बायकामुलांपुरतं उरतं आणि तो आनंदतो. कर्जाला तिथे विरोध नाही, फिटलं नाही तर दुःख आहे. आणि पुढे काय झालं ते नाशिकच्या त्रिरश्मी लेण्यांत, दहाव्या लेण्यात भिंतीवर कोरलेलंच आहे.

क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात संघाला लेणं देतो आणि ३००० कार्षापण नाण्यांची अक्षयनीवी, म्हणजे कायमची ठेव, ठेवतो. गोवर्धनातल्या एका कोलिक, म्हणजे विणकर श्रेणीकडे (कारागिरांच्या संघटनेकडे) २०००, दरमहा शेकडा १ दरानं. दुसऱ्या विणकर श्रेणीकडे १०००, दरमहा शेकडा पाऊण दरानं. मुद्दल परत घ्यायची नाही, फक्त व्याज वापरायचं. २००० वर महिना २०, वर्षाला २४०; वर्षावास करणाऱ्या वीस भिक्खूंना चीवरासाठी प्रत्येकी १२. हिशेब चोख जुळतो. १००० वर वर्षाला ९०, ते कुशणमूल, म्हणजे बहुधा किरकोळ खर्चाची रक्कम, म्हणून. हे सगळं निगमसभेत, म्हणजे नगरसभेत, ऐकवून फलकावर नोंदवलंय. खडूफळा, विणकराचं काय असं विचारत होतात ना? विणकर संघाचं भांडवल वापरत होता.

खडूफळा

म्हणजे माझंच म्हणणं खरं ठरलं. सोनं-रुपं हातात न धरणारा संघ वर्षाला शेकडा बारा व्याजावर कपडे घालत होता. वैशालीच्या दुसऱ्या संगीतीत दहा वादांपैकी एक सोनं-रुपं घेण्याचाच होता ना? तिथे ‘चालणार नाही’ ठरलं आणि नाशिकला चाललं.

तागडी

हातात घेणं आणि तजवीज होणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि विनयानं, म्हणजे भिक्खूंच्या नियमग्रंथानं, हा फरक फार काटेकोरपणे केलाय.

चीवरासाठी कुणी पैसे पाठवले तर भिक्खूनं म्हणायचं, आम्ही चीवराचे पैसे घेत नाही, योग्य वेळी चीवर घेतो. कारभारी कोण ते दाखवायचं. पैसे कारभाऱ्याकडे. मग भिक्खूनं तीन वेळा आठवण करायची. नाहीच मिळालं तर जास्तीत जास्त सहा वेळा जाऊन नुसतं मुकाट उभं राहायचं. तरी नाही, तर पैसे देणाऱ्याला कळवायचं की तुमचे पैसे कामी आले नाहीत, परत मागून घ्या. यापेक्षा जास्त तगादा लावून मिळवलेलं चीवर संघापुढे टाकून द्यावं लागतं.

आणि स्वतः पैसे घेतलेच तर? तेही संघापुढे टाकायचे. कुणी उपासक आला तर त्याला सांगायचं, हे बघ. ‘याचं काय आणू?’ असं त्यानं विचारलं तर अमुक आण म्हणायचं नाही. तूप, तेल, मध, गूळ भिक्खूंना चालतं एवढंच बोलायचं. त्यानं आणलेलं सगळे खातील, ज्यानं पैसे घेतले तो सोडून. उपासकानं काही आणलं नाही आणि सांगूनही पैसे फेकले नाहीत, तर ते फेकायला एक भिक्खू नेमायचा, आणि त्यानं जागेची खूण न ठेवता फेकायचे. खूण ठेवली तर त्याचाही दोष.

नाशिकच्या लेखात पैसा श्रेणीकडे आहे, पण ‘प्रत्येकी १२’ भिक्खूच्या नावे लिहिलेत हे खरं. तिथे रेषा पुसट झालीय, एवढं मी मान्य करतो. त्याहून जास्त नाही.

पाणवठा

तुमचं व्याज आणि फलक चालू द्या. पण कर्जदाराचं काय झालं ते एकानंही लिहिलं नाही, याचा मला संताप येतोय.

उपसंपदेच्या, म्हणजे पूर्ण भिक्खू करून घेण्याच्या, वेळी विचारतात: भुजिस्सोसि? अनणोसि? स्वतंत्र आहेस ना (कुणाचा दास नव्हे), ऋणमुक्त आहेस ना. ‘नाही’ म्हटलं की दार बंद. ज्याला धम्माची सगळ्यात जास्त गरज, त्यालाच बाहेर ठेवलं. पाच व्यापारांत माणसांची विक्री निषिद्ध, पण पळून आलेल्या दासाला प्रव्रज्या, म्हणजे संघात प्रवेश, नाही. म्हणजे विकायचं नाही, मालकी चालेल. ही समता आहे का? आणि तुम्ही इथे शेकडा पाऊण की शेकडा एक यावर ओळींमागून ओळी लिहिताय.

मूळपाठ

नियम कसा आला तेही लिहा, अर्धवट लिहू नका. मगधाच्या बिंबिसार राजानं हुकूम काढला होता की शाक्यपुत्रीय श्रमणांना, म्हणजे बुद्धाच्या भिक्खूंना, कुणी हात लावायचा नाही. एक कर्जदार पळून येऊन प्रव्रजित झाला. धनकोंनी त्याला पाहिलं, काही म्हणाले पकडा, काही म्हणाले राजाचा हुकूम आहे. लोक चिडले, मग नियम झाला. तो झाला नसता तर चीवर म्हणजे कर्ज बुडवायची सोय ठरली असती आणि पुढच्या गरजूला कुणी छदामही दिला नसता. अट्ठकथेत वाटही आहे: दुसरा कुणी ‘मी फेडतो’ म्हणून पुढे आला तर प्रव्रज्या देता येते.

आणि सामञ्ञफलात श्रामण्याचं, म्हणजे श्रमण होण्याचं, पहिलंच फळ कुणाच्या तोंडून पटवलंय? अजातशत्रू राजाच्या. बुद्ध त्याला विचारतो, तुझा दास उठून प्रव्रजित झाला तर परत आणशील का? तो म्हणतो, नाही, उलट मीच त्याला वंदन करीन, आसन देईन.

पाणवठा

राजाला पटलं म्हणून! पटलं नसतं तर? तुम्ही नियमाचं कारण सांगताय, मी नियमाची किंमत सांगतोय. ती दासानं आणि कर्जदारानं मोजली, धनकोनं नाही. संघ टिकावा म्हणून केलेली तडजोड आहे ही. तडजोड म्हणा, मी मान्य करतो. तिला करुणा म्हणू नका.

तागडी

तडजोड म्हणतो. पण कर्जदाराचं दुःख दिसलंच नाही असं म्हणू देणार नाही. इणसुत्तात (इण म्हणजे ऋण) पायऱ्या आहेत: दारिद्र्य, त्यातून कर्ज, त्यावर व्याज, मग तगादा, मग पाठलाग, मग बंधन. एकेका पायरीला विचारलंय, हे दुःख आहे ना? आणि गृहस्थाच्या चार सुखांत एक अनणसुख आहे, थोडं किंवा फार कुणाचंही देणं नसल्याचं.

उपाय राजाला सांगितलाय, संघाला नाही. कूटदंतसुत्तात पुरोहित महाविजित राजाला म्हणतो, कर वाढवून आणि फाशी देऊन लुटारू संपणार नाहीत. शेती करणाऱ्याला बी-बियाणं आणि अन्न दे, व्यापाऱ्याला भांडवल, नोकराला अन्न-वेतन. ते भांडवल मिळालं तर कर्जाची पहिली पायरीच येत नाही.

खडूफळा

आणि चक्कवत्तिसीहनादसुत्तात राजा चोराला धन देतो, ते ऐकून बाकीचे चोऱ्या करतात, हे गाळलंत. वाटप अंगाशी आल्याचं उदाहरण तुमच्याच ग्रंथात आहे.

मूळपाठ

कारण तिथे क्रम चुकला. गरिबांना आधी दिलं नाही, चोरी झाल्यावर चोराला दिलं. म्हणून चोरीचाच भाव वाढला. मग राजानं घाबरून डोकी उडवायला सुरुवात केली, तेव्हा चोरांनीही शस्त्रं केली. कूटदंतात तेच धन कामाला जोडून आणि आधी दिलंय. दोन्ही सुत्तं शेजारी ठेवून वाचा.

खडूफळा

क्रमाचा मुद्दा बरोबर आहे, तो माझ्या लक्षात आला नव्हता. ‘गृहस्थ कंगाल होतो’ हे वाक्य मी मागे घेतो. सगळ्यांनी कमी खर्च केला तर काय, याचं उत्तर मात्र अजून एकानंही दिलेलं नाही, आणि पाचशे वस्त्रांचा दाखला म्हणजे उत्तर नव्हे.

गाळणी

उत्तराची सुरुवात नाशिकच्याच लेखात आहे. दोन विणकर श्रेणींना दर वेगळे का, एकीला शेकडा एक आणि दुसरीला पाऊण? ठेव एकाच माणसाची, धंदाही एकच. ज्या श्रेणीकडे दुप्पट रक्कम गेली, तीच जास्त दर देतेय. भांडवलाची गरज कुणाला किती होती ते यातून निघेल. कुणी जुन्नरच्या लेण्यांतले श्रेणींकडच्या ठेवींचे लेख वाचले असतील तर इथे लिहा.