झिनाइदा राइख यांनी मेयेरहोल्ड यांना सोडले असते, तर त्या वाचल्या असत्या का?

नाट्यवेडी (धागालेखिका)

रशियन अभिनेत्री झिनाइदा राइख यांच्याविषयी वाचल्यापासून एक प्रश्न मनातून जात नाही. कवी सर्गेई येसेनिन यांच्याशी झालेला त्यांचा विवाह १९२१ मध्ये मोडला. दोन लहान मुले पदरी असताना त्या मॉस्कोत नाट्यदिग्दर्शक मेयेरहोल्ड यांच्याकडे दिग्दर्शन शिकू लागल्या आणि १९२२ मध्ये त्यांच्याशीच विवाहबद्ध झाल्या. जानेवारी १९३८ मध्ये सरकारने मेयेरहोल्ड यांचे थिएटर बंद केले, २० जून १९३९ रोजी लेनिनग्राडमध्ये त्यांना अटक झाली, आणि महिनाही उलटला नव्हता तोच राइख यांचा मॉस्कोतील राहत्या घरात भोसकून खून झाला. वेळीच घटस्फोट घेतला असता, तर त्या वाचल्या असत्या का?

जुना वाचक

नुसत्या घटस्फोटाने भागले असते, असे मला वाटत नाही. सोव्हिएत गुप्त पोलिसांच्या ऑगस्ट १९३७ च्या ००४८६ क्रमांकाच्या आदेशानुसार ‘मातृभूमीचे गद्दार’ ठरलेल्यांच्या पत्नींना पाच ते आठ वर्षांची श्रमछावणी ठरलेली होती, आणि नवऱ्याच्या कथित कारवाया ठाऊक असूनही गप्प राहिल्याचा ठपका आला, तर काडीमोड झालेल्या बायकाही त्यातून सुटत नव्हत्या. सूट होती ती स्वतःहून नवऱ्याविरुद्ध खबर देणारीला. लेखक बोरिस पिल्न्याक यांच्या पत्नी, अभिनेत्री किरा आंद्रोनिकाश्विली, यांना कझाकस्तानातील छावणीत जावे लागले ते याच न्यायाने. तेव्हा प्रश्न घटस्फोटाचा नसून चुगलीचा होता, आणि राइख यांनी नेमके उलट केले: १९३७ मध्येच, म्हणजे थिएटर अजून चालू असताना, त्यांनी थेट स्टालिन यांना पत्र लिहिले.

पडद्यामागे

वरील प्रतिसादाशी सहमत आहे. मात्र राइख यांना केवळ ‘कोणाची तरी पत्नी’ म्हणून पाहू नये, असे मला कळकळीने वाटते. मेयेरहोल्ड बायकोला झुकते माप देतात, ही कुजबुज तेव्हाही होती, आणि मारिया बाबानोव्हा यांच्यासारखी गुणी अभिनेत्री थिएटर सोडून गेली हेही खरे. तरीही १९२६ मधील गोगोलच्या ‘इन्स्पेक्टर जनरल’ नाटकातली आन्ना आंद्रेयेव्हना आणि १९३४ मधली ‘लेडी ऑफ द कॅमेलियाज’ची नायिका मार्गारेट गोतिए ही कामे निव्वळ नवऱ्याच्या मेहेरबानीने उभी राहत नाहीत.

विवाहाबद्दल म्हणाल, तर थिएटर गेल्यानंतर, ऑक्टोबर १९३८ मध्ये, मॉस्कोजवळच्या गोरेन्की येथील बंगल्यातून मेयेरहोल्ड यांनी त्यांना लिहिलेले पत्र जरूर वाचावे. सोनेरी झालेल्या बर्चच्या झाडांचे मन भरून वर्णन करून झाल्यावर ते लिहितात की, तुझ्यावाचून मी म्हणजे हात धरणारे कोणी नसलेला आंधळा. चौसष्ट वर्षांचा माणूस, हातचे सर्व काही गेलेला, आणि पत्रात गाऱ्हाणे नाही, झाडे आहेत! पुढे तुरुंगातून सोव्हिएत सरकारचे प्रमुख मोलोटोव्ह यांना लिहिलेल्या पत्रात याच माणसाला, आपल्याला पालथे पाडून तळपायांवर आणि पाठीवर रबरी पट्ट्याने कसे मारले, हे सांगावे लागले. २ फेब्रुवारी १९४० रोजी त्यांना गोळ्या घातल्या गेल्या.

नाट्यवेडी (धागालेखिका)

दोघांचेही मनापासून आभार. माझा प्रश्नच चुकीच्या जागी उभा होता, हे आता ध्यानात येते. खुनाचा तपास पुढे झाला का? आणि मुलांचे काय झाले?

जुना वाचक

खुनामागे कोण होते, याचा पटण्याजोगा उलगडा झालेला नाही. मुलांना घर सोडावे लागले आणि ती जागा गुप्त पोलीस खात्याशी संबंधित माणसांना मिळाली. येसेनिन यांच्यापासून झालेली मुलगी तात्याना तेव्हा एकवीस वर्षांची होती. तिने मेयेरहोल्ड यांची कागदपत्रे गोरेन्कीच्या बंगल्यात दडवली, आणि पुढे चित्रपट दिग्दर्शक सर्गेई आइझेनश्टाइन यांनी ती तेथून नेऊन आपल्याकडे सांभाळली. मेयेरहोल्ड यांच्यावरील आरोप १९५५ मध्ये रद्द झाले. वागान्कोव्हो दफनभूमीत राइख यांच्या थडग्यावरील दगडावर पुढे मेयेरहोल्ड यांचेही नाव कोरले गेले, त्यांचा देह मात्र तेथे नाही.