पाणलोट प्रकल्पाचे अंतिम मूल्यमापन: विहिरींना पाणी वाढले, पण त्यातले प्रकल्पाचे किती?

प्रश्न: शिवारफेरी

नमस्कार. एका स्वयंसेवी संस्थेत दहा वर्षे देखरेख आणि मूल्यमापनाचे काम केल्यानंतर गेली दोन वर्षे मी स्वतंत्र सल्लागार म्हणून कामे घेत आहे. सध्याच्या एका कामात मात्र मी अडकले आहे आणि अनुभवी मंडळींचे मत हवे आहे.

एका कंपनीच्या सीएसआर (सामाजिक उत्तरदायित्व) निधीतून सातारा जिल्ह्यातील दुष्काळी माण तालुक्यातील सहा गावांत पाणलोटाचे, म्हणजे पावसाचे पाणी अडवून जमिनीत मुरवण्याचे, काम झाले. डोंगरउतारावर सलग समतल चर (समान उंचीवर खणलेले आडवे खड्डे), खाली माती नाला बांध आणि सिमेंट बंधारे, असा नेहमीचा आराखडा होता. पायाभूत, म्हणजे कामाआधीच्या स्थितीचे, सर्वेक्षण दुसऱ्या एका संस्थेने मे २०१९ मध्ये केले होते, काम मार्च २०२३ मध्ये पूर्ण झाले आणि अंतिम मूल्यमापन मी मे २०२५ मध्ये केले. दोन्ही सर्वेक्षणांचे आकडे शेजारी ठेवले, तर विहिरींची पाणीपातळी सरासरी साडेतीन मीटरने वर आलेली दिसते.

अडचण अशी की, पायाभूत सर्वेक्षण २०१८ च्या दुष्काळानंतरच्या उन्हाळ्यातले आहे, तर माझे सर्वेक्षण २०२४ च्या चांगल्या पावसानंतरचे. त्यातच मे २०२५ च्या उत्तरार्धात या भागात अवकाळी पाऊस कोसळला. चार गावांतील विहिरी मी त्याआधी मोजल्या होत्या, उरलेल्या दोन गावांतील नंतर, आणि सर्वांत मोठी वाढ नेमकी त्या दोन गावांत दिसते. शिवाय वॉटर कप या गावागावांतील जलसंधारणाच्या स्पर्धेच्या काळात, म्हणजे २०१६ ते २०१९ दरम्यान, यांपैकी तीन गावांनी श्रमदान केले होते, जलयुक्त शिवार या सरकारी योजनेचीही कामे झाली होती. एका नाला बांधावर तर मला तीन वेगवेगळ्या कामांचे फलक दिसले.

मसुद्यात मी लिहिले की, पाणीपातळी वाढलेली आढळली, मात्र त्यातील प्रकल्पाचा वाटा उपलब्ध माहितीवरून सांगता येत नाही. कंपनीकडून मसुदा परत आला, "निष्कर्ष अधिक ठाम असावेत" एवढ्या शेऱ्यासह. मानधनाचा शेवटचा हप्ता, म्हणजे एकूण रकमेच्या चाळीस टक्के, अहवाल 'समाधानकारक' ठरल्यावरच मिळणार आहे. खरे सांगायचे तर काम चांगले झाले आहे. चर शाबूत आहेत, बांध फुटलेले नाहीत आणि संस्थेचे कार्यकर्ते मनापासून राबले आहेत. त्यांच्यावर अन्याय होऊ नये आणि खोटेही लिहू नये, असा अहवाल कसा लिहावा?

उत्तर १: जुना_सर्वेक्षक

ताई, आपल्या मसुद्यातील वाक्य चुकीचे नाही, पण ते अपुरे आहे, आणि कंपनीचा शेरा कोणत्याही हेतूने आलेला असो, त्यात थोडे तथ्य आहे. 'सांगता येत नाही' असे लिहिण्याआधी सांगता येण्याचे सर्व मार्ग आपण चालून पाहिले का, हे स्वतःला विचारावे. माझ्या मते एक मोठा मार्ग राहिला आहे.

हे सांगण्याचा अधिकार मला एका चुकीमुळे मिळाला आहे. मराठवाड्यातील अशाच एका प्रकल्पाचे पायाभूत सर्वेक्षण २०१३ च्या उन्हाळ्यात झाले होते, म्हणजे २०१२ च्या दुष्काळानंतर, आणि अंतिम सर्वेक्षण मी २०१७ च्या उन्हाळ्यात केले, म्हणजे २०१६ च्या उत्तम पावसानंतर. पाणी वाढलेलेच होते. मी ते सर्व श्रेय प्रकल्पाला देऊन मोकळा झालो आणि अहवालाचे कौतुकही झाले. २०१९ च्या उन्हाळ्यात दुसऱ्या कामासाठी त्याच रस्त्याने गेलो, तेव्हा त्यांपैकी दोन गावांच्या वेशीत टँकर उभे होते. गावकऱ्यांनी ओळखले आणि चहाही पाजला, अहवालाविषयी मात्र कोणी काही विचारले नाही. त्यांनी तो कधी पाहिलाच नव्हता.

आता आपल्या कामाकडे येतो. २०१९ ची तुलना २०२५ शी करू नका, २०२४ शी करा. २०२३ चा पावसाळा माणमध्ये वाईट गेला आणि २०२४ च्या उन्हाळ्यात तालुक्यात पुन्हा टँकर धावले. प्रकल्पाचे काम मार्च २०२३ मध्ये पूर्ण झालेले असल्याने त्या दुष्काळाने तुमच्या बांधांची परीक्षा आयतीच घेतलेली आहे. तुम्ही तेव्हा तेथे नव्हता, परंतु नोंदी आहेत. कोणत्या गावाला आणि कोणत्या वाडीला टँकरच्या किती खेपा मंजूर झाल्या आणि किती प्रत्यक्ष झाल्या, हे पंचायत समितीत मिळते. कोणाची विहीर किंवा बोअर पिण्याच्या पाण्यासाठी अधिग्रहित केली, याचे आदेश तहसील कार्यालयात असतात. दोन्ही उन्हाळ्यांच्या या नोंदी प्रकल्पातील सहा गावांसाठी आणि तशाच उताराच्या, तशाच मातीच्या शेजारच्या सहा गावांसाठी काढा. प्रकल्पातील गावांचा टँकर शेजाऱ्यांपेक्षा महिनाभर उशिरा सुरू झाला असेल, तर तो आकडा साडेतीन मीटरपेक्षा कितीतरी अधिक बोलका आहे.

दोन्ही वर्षांचा पाऊस मात्र महसूल मंडळनिहाय, म्हणजे तालुक्यातील गावांच्या गटानुसार, तपासून घ्या. दोन्ही दुष्काळ सारखेच होते, असे गृहीत धरू नका, कारण माणमध्ये एका मंडळात सर पडते आणि पलीकडचे कोरडे राहते. गावाची पैसेवारी, म्हणजे पीक किती आले याचा महसूल खात्याचा अंदाज, हीही सोबत मांडावी. पैसेवारी कशी ठरते हे आपण सारे जाणतो, त्यामुळे तिच्यावर फार भिस्त ठेवू नये. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा आपल्या निरीक्षण विहिरी जानेवारी, मार्च, मे आणि ऑक्टोबर अशा वर्षातून चार वेळा मोजते. त्यांतील मार्चचे आकडे घ्या, म्हणजे मे २०२५ च्या पावसाचा गोंधळ टळेल. पावसानंतर मोजलेल्या दोन गावांच्या विहिरी सरासरीतून सरळ बाहेर काढा आणि का काढल्या ते तळटिपेत नव्हे, तर मजकुरातच लिहा.

शेतकऱ्यांना मीटर विचारू नयेत. "विहीर कधीपर्यंत चालली?" असे विचारावे. २०१९ साली संक्रांतीलाच तळ दिसला, २०२४ मध्ये शिमग्यापर्यंत मोटर चालली, एवढे माणसे अचूक सांगतात, कारण त्या आठवणीला कांद्याचे शेवटचे पाणी चिकटलेले असते किंवा जनावरे छावणीत नेल्याचा दिवस.

उत्तर २: संस्थेतला_माणूस

मी टेबलाच्या पलीकडच्या बाजूचा आहे. पाणलोटाची कामे करणाऱ्या संस्थेत अठरा वर्षे काढली आहेत आणि इतक्या वेळा मूल्यमापन करवून घेतले आहे की, जीप आली की गावातील कोण माणूस काय बोलणार, हे मला आधीच पाठ असते. वरील उत्तर पटले. त्यात दोन गोष्टी जोडतो.

पहिली अशी की, विहिरीची पातळी हा निर्देशक निधी देणाऱ्यांनी प्रस्तावाच्या वेळी ठरवलेला असतो आणि संस्था निधीच्या गरजेपोटी त्यावर मान डोलावते. मुरलेले पाणी विहिरीत दिसायला हवे, तर ते कोणी उपसता कामा नये. प्रत्यक्षात पाणी वाढले की पहिल्या वर्षी डाळिंब येते, पुढच्या वर्षी ऊस येतो, तिसऱ्या वर्षी प्लास्टिकचे अस्तर घातलेले शेततळे येते आणि विहिरीतील पाणी उपसून त्यात साठवले जाते. तेव्हा पातळी खाली गेली म्हणजे काम फसले असे नसते, आणि वर आली म्हणजे साधले असेही नसते. हिवरे बाजार या गावाने पाण्याचा ताळेबंद मांडून कोणती पिके घ्यायची हे ग्रामसभेत ठरवले आणि बोअरवेलच्या पाण्यावर शेती करण्यास बंदी घातली, म्हणून तेथील विहिरींकडे पाहून काही म्हणता येते. आपल्या सहा गावांत असा काही निर्णय झाला आहे का, हे अहवालात यायला हवे. पीक बदलले असेल, तर ते २०२१ पासूनच्या ई-पीक पाहणीत (शेतकऱ्यांनी मोबाइलवर केलेल्या पिकांच्या नोंदीत) बऱ्यापैकी दिसेल. शिवाय उरमोडी आणि जिहे-कठापूर या सिंचन योजनांचे पाणी माणच्या काही भागांत पोहोचू लागले आहे. त्या लाभक्षेत्राच्या जवळचे गाव तुलनेसाठी घेतले, तर सगळाच हिशेब बिघडेल.

दुसरी गोष्ट म्हणजे पाणी कोणाचे वाढले, हा प्रश्न. बांध वर घातला जातो आणि विहीर खाली पायथ्याला भरते, ज्याची तेथे जमीन असते त्याची. चर खणलेल्या डोंगरावर चराईबंदी लागते आणि तिची झळ मेंढपाळाला बसते, ज्याचे नाव लाभार्थींच्या यादीत बहुधा नसते. मूल्यमापनाला आलेल्या एकाही सल्लागाराने आम्हाला मेंढपाळाच्या वाड्यावर (मेंढ्यांच्या तळावर) घेऊन जायला सांगितले नाही. आणि आम्हीही आपण होऊन नेले नाही, हे कबूल करतो.

कार्यकर्त्यांवर अन्याय होईल, ही आपली भीती मात्र मला तितकीशी पटत नाही. काम चांगले असेल तर खऱ्या अहवालाने संस्थेचे नुकसान होत नाही. फुगवलेल्या अहवालाने होते, कारण पुढच्या प्रस्तावात आमच्याकडून साडेतीन मीटरचीच अपेक्षा केली जाते.

उत्तर ३: निधीच्या_बाजूने

मी एका कंपनीच्या सीएसआर विभागात काम करते, त्यामुळे हा शेरा कोठून येतो ते सांगू शकते. जानेवारी २०२१ च्या नियमदुरुस्तीनुसार, ज्या कंपनीचे मागील तीन आर्थिक वर्षांतील सरासरी सीएसआर दायित्व १० कोटी रुपये किंवा अधिक आहे, तिला एक कोटी किंवा त्याहून अधिक खर्चाच्या प्रकल्पांचे परिणाम मूल्यांकन स्वतंत्र यंत्रणेकडून करून घ्यावे लागते, तेही प्रकल्प पूर्ण होऊन किमान एक वर्ष झाल्यानंतर. हा अहवाल संचालक मंडळापुढे ठेवावा लागतो आणि सीएसआरच्या वार्षिक अहवालाला जोडावा लागतो. म्हणजे तो भागधारकांपर्यंत पोहोचतो. 'सांगता येत नाही' हे वाक्य संचालकांपुढे वाचून दाखवण्याची वेळ ज्या अधिकाऱ्यावर येणार आहे, तो घाबरलेला आहे. त्याला लबाडीच करायची आहे, असे लगेच मानू नका. त्याला पानावर ठेवता येईल असा एक आकडा हवा आहे, आणि तो टँकरच्या नोंदींतून मिळू शकतो.

नियमातील 'स्वतंत्र' हा शब्द आपण वापरावा. त्यांचा शेरा तोंडी किंवा फोनवरचा असेल, तर लेखी मागवा. मसुद्यावरील प्रत्येक अभिप्राय, त्यावर केलेला बदल आणि बदल केला नसल्यास त्याचे कारण, असा तक्ता अहवालाला जोडा. ज्या निष्कर्षाविषयी कंपनीचे मत वेगळे आहे, तेथे त्यांचे म्हणणे त्यांच्याच शब्दांत स्वतंत्र चौकटीत छापा, पण आपला निष्कर्ष त्यासाठी हलवू नका. माझ्या अनुभवात असा तक्ता पाहिल्यावर निम्मे शेरे आपोआप मागे घेतले जातात.

चाळीस टक्के रक्कम 'समाधानकारक' या शब्दावर टांगलेला करार मात्र आपण सही करण्यापूर्वीच परत पाठवायला हवा होता. पुढच्या वेळी शेवटचा हप्ता दहा-पंधरा टक्क्यांपेक्षा अधिक ठेवू नका आणि तो अहवाल सादर केल्यानंतर ठरावीक दिवसांत देय आहे, असे लिहून घ्या. खर्चाची मर्यादा हे कारण कोणी सांगितले तर मान्य करू नका. सप्टेंबर २०२२ पासून मूल्यांकनासाठी त्या वर्षाच्या एकूण सीएसआर खर्चाच्या दोन टक्के किंवा ५० लाख रुपये, यांपैकी जी रक्कम अधिक असेल तिथपर्यंतचा खर्च सीएसआर खर्चात दाखवता येतो.

शिवारफेरी

सर्वांचे आभार. काल दहिवडीला, माणच्या तालुक्याच्या गावी, जाऊन पंचायत समितीतील नोंदी पाहिल्या. २०१९ आणि २०२४ या दोन्ही उन्हाळ्यांचे खेपांचे कागद मिळाले, २०१९ चे थोडे विस्कळीत आहेत. सहांपैकी चार गावांत २०२४ चा टँकर शेजारच्या गावांपेक्षा बराच उशिरा सुरू झालेला दिसतो. एका गावात काहीच फरक नाही. सहाव्या गावात टँकर उलट लवकर लागला, आणि त्याच गावात मी अस्तराची सर्वाधिक शेततळी मोजली होती. मसुदा लिहिताना ही नोंद मी परिशिष्टात टाकली होती, आता ती मुख्य प्रकरणात घेते. मेंढपाळांच्या तळांवर पुढच्या आठवड्यात जाणार आहे, त्याचा प्रवासखर्च करारात नाही, तो माझा मी करीन.

एक शंका उरते. २०१९ च्या कागदांत खेपा गावाच्या नावावर आहेत, तर २०२४ मध्ये वाडीनिहाय आहेत. मुख्य गावठाणाला टँकर नव्हता आणि फक्त वाड्यांना होता, असे असेल तर तुलना कशी करावी?

जुना_सर्वेक्षक

२०२४ च्या वाड्यांची बेरीज करून गावाशी तुलना करा, उलटे करू नका. २०१९ चे वाडीनिहाय वाटप ग्रामसेवकाच्या किंवा टँकर चालकाच्या लॉगबुकात मिळण्याची शक्यता आहे. त्यावर पाणी घेणाऱ्या गावकऱ्याची सही घेतलेली असते आणि ती सही बहुतेक वेळा वाडीतील एखाद्या बाईची असते. लॉगबुक न मिळाल्यास त्या बाईला शोधा. टँकर कोठे उभा राहायचा आणि आठवड्यातून किती वेळा यायचा, हे तिला आठवत असेल.