‘कोस्त्युमिए’साठी मराठी शब्द कोणता?

फ्रेंच चित्रपटांच्या श्रेयनामावलीत येणाऱ्या ‘कोस्त्युमिए’ (स्त्री असल्यास ‘कोस्त्युमिएर’) या शब्दाला ‘शिंपी’ म्हणणे तोकडे पडते, तसेच सरसकट ‘वेशभूषाकार’ म्हणणेही योग्य नाही. नाटकाचे पोशाख तयार करणारा, विकणारा किंवा भाड्याने देणारा असे या शब्दाचे जुने अर्थ आहेत. चित्रपटात मात्र पोशाखांची कल्पना करणाऱ्यालाही तेच नाव मिळाले. हा घोळ टाळण्यासाठी कल्पनाकाराचा उल्लेख ‘क्रेआतर द कोस्त्युम’ असा वेगळा केला जातो, आणि माझ्या मते ‘वेशभूषाकार’ हा शब्द त्याच्यासाठीच राखून ठेवावा. १९९० च्या ‘सिरानो द बेर्जराक’ या चित्रपटासाठी सेझार (फ्रान्सचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार) आणि ऑस्कर असे दोन्ही सन्मान मिळवणाऱ्या इटालियन फ्रांका स्क्वार्चापीनो या अर्थाने वेशभूषाकार ठरतात, ‘गांधी’साठी ऑस्कर मिळालेल्या कोल्हापूरच्या भानू अथैयांबद्दलही आपण हाच शब्द वापरतो.

‘कुत्युरिए’, म्हणजे उंची फॅशनचे कपडे घडवणारा, हा त्याहून वेगळा. १९६७ च्या ‘बेल द जूर’ या चित्रपटात अभिनेत्री कातरीन दनव यांचे कपडे ईव्ह सँ लोराँ यांनी केले, पण त्यांचा मूळ व्यवसाय फॅशनचा, त्यांना ‘फॅशन डिझायनर’ म्हणणेच स्वच्छ.

खरी अडचण कपड्यांवर प्रत्यक्ष हात चालवणाऱ्यांची आहे. ‘पातीन’ म्हणजे नवा कोरा पोशाख वापरलेला दिसावा म्हणून केलेले काम: कोपरांवर आणि खिशांच्या कडांवर पॉलिशपेपर घासायचा, कॉलरच्या आतल्या बाजूला घामाचा पिवळट डाग रंगाने उतरवायचा, पायघोळ झग्याच्या काठाला चिखल चढवायचा. शेतमजुराचा सदरा दुकानातून नुकताच आणलेला वाटला, तर पुढचा सगळा अभिनय वाया जातो, इतके या कामाचे मोल आहे. त्यासाठी मला ‘जुनवणे’ हे क्रियापद आवडते. जुनवलेला कोट म्हटले की अर्थ लगेच पोहोचतो.

पोशाख सांभाळणाऱ्या विभागाला नवा शब्द घडवण्याची गरज नाही, कारण संगीत नाटकांच्या काळापासून चालत आलेला ‘कपडेपट’ आपल्याकडे आहे. ‘नेपथ्य’ मात्र येथे चालणार नाही: संस्कृतात त्याचा वेश असाही अर्थ असला, तरी मराठी वाचक त्यातून रंगमंचावरील देखावाच समजेल.

राहता राहिली ‘आबियेझ’, म्हणजे चित्रीकरणस्थळी नटनटींना पोशाख चढवणारी आणि दोन दृश्यांच्या दरम्यान बटण, घडी, डाग जसेच्या तसे राहतील हे पाहणारी स्त्री. मुंबईच्या सेटवर हे काम करणाऱ्याला ‘ड्रेसदादा’ म्हणतात, पण तो शब्द स्त्रीला लागू पडत नाही. अनुवादात ‘पोशाख-साहाय्यक’ वापरावा. तो स्त्री-पुरुष दोघांनाही चालतो.