कागद गेला तर गेला, पण अंक कुठे गेला?

शेवटचंपान

काल टॅबवरची साफसफाई करत बसले होते. तीन मासिकांची डिजिटल वर्गणी भरलेली आहे. उतरवून घेतलेले अंक ६१, त्यातले शेवटपर्यंत वाचलेले चार. बाकीच्यांवर 'नवीन' असा निळा ठिपका तसाच. छापील अंक येत होते तेव्हा मी काही फार मोठी वाचक नव्हते, पण अंक संपायचा तरी. जेवताना, कुणाची वाट बघताना, झोप येत नाही म्हणून, असं करत करत एक दिवस मलपृष्ठावरच्या जाहिरातीपाशी यायचेच.

आता लगेच 'कागदाचा वास' सुरू करू नका. वासाचं मला काही नाही, मला धुळीनं शिंका येतात. म्हणणं वेगळं आहे. आपल्याकडे या वस्तूला नियतकालिक म्हणतात. साप्ताहिक, पाक्षिक, मासिक, त्रैमासिक, सगळी नावं काळावरून पडलेली. इंग्रजीतला 'मॅगझिन' मात्र कोठार या अर्थाच्या अरबी शब्दावरून आला (बंदुकीत गोळ्या भरतात तेही मॅगझिनच) आणि १७३१ साली लंडनमध्ये 'द जंटलमन्स मॅगझिन' निघालं तेव्हापासून तो छापील अंकांना चिकटला. डिजिटलनं कोठार ठेवलं, अफाट वाढवलं, आणि नियत काळ तेवढा घालवला. रोज काहीतरी येऊन पडतं, संपत काहीच नाही.

तेव्हा कागदासाठी मी रडत नाही. अंकासाठी रडतेय. कुणीतरी निवडलेला, क्रमानं लावलेला, आणि ज्याला शेवटचं पान आहे असा. पटत नसेल तर भांडा.

टिचकी

भांडतो. ६१ पैकी ४ हा तुमचा हिशोब झाला, माध्यमाचा नाही. छापील काळात वेष्टणही न फोडलेले अंक घरोघरी पडलेले नसायचे का? त्या गठ्ठ्यावर कुणी निळा ठिपका लावत नव्हतं, म्हणून लाज वाटत नव्हती, इतकंच.

दुसरं म्हणजे अंक ही काही थोर कल्पना नव्हती, टपालाची सोय होती. एकेक लेख छापून पाठवणं परवडत नाही, म्हणून बारा एकत्र शिवायचे. मला त्यातले दोन हवे असायचे. आज मी ते दोन वाचतो आणि वीस वर्षांपूर्वीचा एखादा लेख, नावसुद्धा आठवत नसताना, तीन शब्द टाकून शोधून काढतो. 'लाइफ' या अमेरिकन साप्ताहिकाचे १९३६ ते १९७२ चे अंक गूगल बुक्सवर जाहिरातींसकट चाळता येतात, तेही फुकट. तुमच्या कपाटात किती मावतील?

खिळेजुळारी

'लाइफ'चं नाव काढलंत ते बरं झालं. १९७२ च्या डिसेंबरात ते साप्ताहिक बंद झालं तेव्हा खप ५० लाखांच्या वर होता. वाचक होतेच की! जाहिराती दूरचित्रवाणीकडे गेल्या आणि टपालखर्च वाढत गेला, त्यात ते बसलं. इंटरनेटचा तेव्हा पत्ता नव्हता. म्हणून 'वाचक मोबाइलवर गेला आणि मासिकं मेली' असं कुणी म्हटलं की मी अर्धंच खरं धरतो. मोठ्या खपाची मासिकं वर्गणीवर कमी आणि मलपृष्ठावर जास्त जगायची.

आता अंकाबद्दल. मी छापखान्यात २१ वर्षं काढली, म्हणून थोडं आतलं सांगतो. पानं सुटी छापत नाहीत. मोठ्या कागदाच्या एका बाजूला आठ, दुसऱ्या बाजूला आठ, अशी सोळा पानांची एक घडी. तिला फर्मा म्हणतात. ६४ पानी अंक म्हणजे चार फर्मे. मजकूर ६१ पानांत संपला म्हणून ६१ पानी अंक निघत नाही. आणि लेख तर पानाच्या तळाशी नेमका कधीच संपत नाही. मग निरोप जायचा, 'पान २७, खाली साडेतीन इंच मोकळं, काय टाकू?' तिथे पानपूरक पडायचं. चार ओळींची कविता, एखाद्या पक्ष्याचं रेखाचित्र, कुठल्याशा शास्त्रज्ञाचा किस्सा. आमच्याकडे पानपूरकांचं एक खोकंच होतं. दोन इंची, तीन इंची, पाच इंची, असे मापानं लावलेले गठ्ठे. लेखक कोण, विषय काय, हे नंतर. आधी माप.

मी जे काही शिकलो त्यातलं निम्मं त्या खोक्यातलं आहे. धूमकेतूची शेपटी सूर्याच्या उलट दिशेला असते हे मला एका तीन इंचीनं शिकवलं. पडद्याला तळच नाही, मोकळी जागा उरत नाही, मग पानपूरक कुठून येणार? ताई, तुम्हाला जे हरवल्यासारखं वाटतंय ते बहुधा हे असावं.

टिचकी

काका, म्हणजे जागा उरली म्हणून कोंबलेला मजकूर हे वैभव? याच मापापायी चांगल्या लेखांची शेपूट छाटली जायची, तेही सांगा की.

खिळेजुळारी

जायची. मी स्वतः छाटली आहे. रात्रीचे अकरा, संपादकांचा फोन लागेना, नऊ ओळी जास्त. शेवटचा परिच्छेद उडवला आणि यंत्र सुरू केलं. त्या लेखकानं आमच्याकडे पुन्हा कधी लिहिलं नाही.

अबोलीक

तो अभ्यास अजून कुणी काढला नाही, आश्चर्य आहे. २०१८ साली ५४ अभ्यासांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला होता, सगळे मिळून १ लाख ७० हजारांवर वाचक. तोच मजकूर पडद्यापेक्षा कागदावर जास्त चांगला समजतो, असं त्यात निघालं.

टिचकी

पुढचंही वाचा. फरक दिसला तो माहितीपर मजकुरात, आणि वेळेचं बंधन असताना जास्त. निव्वळ कथा वाचताना फरक नाही. आता मासिक घड्याळ लावून कोण वाचतं?

अबोलीक

मोबाइलवर? सगळेच.

ऐकणारा

मला जन्मापासून दिसत नाही, त्यामुळे छापील अंक म्हणजे माझ्यासाठी कागदाची चळत. लहानपणी ताई वाचून दाखवायची. तिला आवडेल तेवढंच. 'हे कंटाळवाणं आहे' म्हणायची आणि पान उलटल्याचा आवाज यायचा. माझी संपादक तीच. पुढे स्क्रीन रीडरवर (पडद्यावरचा मजकूर मोठ्यानं वाचून दाखवणारी प्रणाली) पहिला अख्खा अंक स्वतः ऐकला, तेव्हा मासिकात वाचकांच्या पत्रांचं सदर असतं हे मला कळलं. वय वर्षं २४. ताई ते कायम गाळायची!

पण टिचकी, फार खूश होऊ नका. डिजिटल म्हणून जे मिळतं त्यातलं कितीतरी मला बंदच आहे. छापील पानाचा फोटो काढून पीडीएफ केली की माझ्या यंत्राच्या लेखी ते नुसतं चित्र. युनिकोडच्या, म्हणजे प्रत्येक लिपीतल्या अक्षराला एकच ठरलेला संकेत देणाऱ्या पद्धतीच्या, आधीच्या फॉन्टमधली पीडीएफ असली तर आणखी मजा. डोळ्यांना म्हणे सुरेख मराठी दिसत असतं, मला ऐकू येतो इंग्रजी अक्षरं आणि चिन्हांचा भडिमार. दोन स्तंभांचं पान असेल तर कधी पहिल्याची एक ओळ, मग दुसऱ्याची एक ओळ. एकदा मधमाश्यांवरचा लेख आणि गुडघेदुखीच्या मलमाची जाहिरात मी असा जोडीनं ऐकला. पाच मिनिटं मला ते संशोधन वाटत होतं.

शेवटचं पान कुठे आहे हा प्रश्न मला पडत नाही. पहिलं पान उघडेल का, हा पडतो.

शेवटचंपान

पत्रांच्या सदराचं वाचून वाईट वाटलं आणि हसूही आलं. मी अंक तिथूनच उघडायचे. मागच्या अंकावर कोण चिडलंय ते आधी बघायचं.

'कोठार वाढलं' हे माझं वाक्य मात्र मी मागे घेते, कारण त्याची किल्ली आपल्याकडे नाही. ॲमेझॉननं २०२३ च्या सप्टेंबरात किंडल या आपल्या वाचनयंत्रावरच्या मासिकांची वर्गणी बंदच करून टाकली. त्याआधी २००९ साली, विकलेली पुस्तकं लोकांच्या किंडलमधून परस्पर काढून घेतली होती आणि मग माफी मागितली होती. 'पॉप्युलर सायन्स' १८७२ सालचं. २०२१ मध्ये कागद सोडून फक्त डिजिटल झालं, २०२३ मध्ये डिजिटल मासिकही बंद. कागदावर जवळपास दीडशे वर्षं, पडद्यावर तीनही नाहीत. उलट 'न्यूजवीक'नं ३१ डिसेंबर २०१२ चा अंक शेवटचा छापील म्हणून वाजतगाजत काढला आणि मार्च २०१४ मध्ये परत कागदावर आलं.

टिचकी

टिकाऊपणावर बोलायचंय? बोलू. मामाच्या माळ्यावर गळती झाली होती. गुळगुळीत कागदाचे अंक होते. त्या कागदावर चिकणमातीसारखा लेप असतो, तो भिजला की पानं एकमेकांना धरतात आणि वाळल्यावर अंकाची वीट होते. मी पातळ सुरीनं सोडवायला बसलो. एका खेळाडूचं नाक शेजारच्या पानावर गेलं, उरलेला चेहरा तिसऱ्या. खालचे त्याहून जुने, खरखरीत कागदाचे अंक वाळले नीट, पण लगद्यातल्या आम्लानं ते आधीच पिवळे पडलेले. कोपरा दुमडला की तुकडा हातात. पिना गंजून मधल्या पानाला तपकिरी भोकं. दोन गोण्या भरून टाकून दिलं सगळं.

किल्ली आपल्याकडे नाही, कबूल. पण कपाटाची किल्ली वाळवीकडे असते.

कोरीफाइल

आम्ही चौघं मिळून एक डिजिटल त्रैमासिक चालवतो, त्यामुळे 'अंक गेला' हे रोज आकड्यांत बघतो. बारा मजकूर, मुखपृष्ठासाठी चित्रकार, आणि क्रम ठरवताना दोन रात्री भांडण. जड लेखानंतर हलकी कविता, कवितेनंतर मुलाखत, असं. मग अंक बाहेर पडतो आणि लोक कुणीतरी पाठवलेल्या दुव्यावरून थेट सातव्या लेखावर उतरतात, वाचतात, जातात. गेल्या वेळी एका लेखावर चार हजार माणसं आली. तिथून मुखपृष्ठाकडे वळली ती शंभरही नाहीत. आमचा क्रम आमच्याशिवाय कुणी पाहिलेला नाही.

तरी मागच्या अंकात मुद्दाम शेवटी एक पान ठेवलं. कोरं, मध्ये फक्त 'अंक संपला'. ३७ जण तिथवर पोचले. दोघांनी आनंदानं पत्र पाठवलं. एकानं तक्रार केली की पुढचं पान उघडत नाही, दुरुस्त करा.

टिचकी

तक्रार करणारा मी नाही, आधीच सांगून ठेवतो. पण ३७ वाईट नाही हो.

ऐकणारा

कोरीफाइल, ते 'अंक संपला' चित्र आहे की मजकूर?

कोरीफाइल

…चित्र. आज रात्री बदलतो.

शेवटचंपान

एक विचारायचं होतं. माझ्याकडे एका बंद पडलेल्या विज्ञान मासिकाचे अकरा बांधीव खंड आहेत. ऐकणारा, तुम्हाला उपयोग होईल असं ते कसं करायचं? आणि केलं तर चालतं का?

ऐकणारा

चालण्याबद्दल: २०१३ चा मराकेश करार आहे. ज्या देशांनी तो मानलाय तिथे न दिसणाऱ्यांसाठी वाचता येण्याजोगी प्रत करायला कायद्यात मोकळीक ठेवावी लागते. तेवढ्यापुरतं करा, सगळ्यांसाठी उघडं टाकायचं असेल तर हक्कदार शोधावा लागेल. आणि एक विनंती. ताईसारखं गाळू नका. पत्रं हवीत.

खिळेजुळारी

खंडाचा कणा उसवू नका आणि सपाट दाबूही नका, जुना डिंक तडकतो. अर्धवट उघडून खाली उशी द्या, खिडकीच्या उजेडात वरून फोटो घ्या. पानाचा आकडा चौकटीत आलाच पाहिजे. जाहिराती घ्या. पानपूरकं घ्या.

टिचकी

फोटोतला मजकूर ओळखून युनिकोडमध्ये आणायचं काम मी करतो. जोडाक्षरं चुकतील, ती मग हातानं तपासावी लागतील. अबोलीक, तुम्ही घड्याळ न लावता प्रूफं तपासा.

शेवटचंपान

पहिला अंक झाला, ४८ पानं. फोटो पाठवले आहेत. पान ३१ चा खालचा कोपरा नाही. कात्रीनं सरळ कापलाय. मागे पान ३२ वर वर्गणीचं कूपन होतं, ते कुणीतरी भरून पाठवलेलं दिसतंय. बांधीव खंड मी जुन्यात घेतले होते, त्यामुळे कुणी ते माहीत नाही. त्याच्यासोबत भरती-ओहोटीवरच्या लेखाच्या शेवटच्या बारा-पंधरा ओळी गेल्या. कुणाकडे हा अंक असेल तर बघता का?